आबांच्या कानातली तार

इथले अनुभव मी बरीच वर्षं वाचतेय, पण खरं सांगायचं तर करमणूक म्हणून. जेवण झालं की मोबाईल घेऊन पडायचं, कुणाच्या तरी मामाला घाटात दिसलेली बाई वाचायची आणि मनातल्या मनात तिचं सायन्स लावत बसायचं... थकवा, अंधार, आधी ऐकलेल्या गोष्टी. माझा धंदाच तसा आहे. मी ऑडिओलॉजिस्ट आहे. म्हणजे लोकांना किती ऐकू येतं ते तपासते, मशीन लागत असेल तर बसवून देते. नसलेले आवाज ऐकू येणारी माणसं माझ्याकडे रोज येतात, आणि ते आवाज का येतात हे मी त्यांना रोज समजावून सांगते. त्यामुळे भूतबित, आत्माबित्मा यावर माझा कधीच विश्वास नव्हता. आजही "आहे" असं म्हणायला जीभ रेटत नाही. फक्त जे झालं ते लिहितेय. माणसांची नावं बदलली आहेत, गावं तीच आहेत.

माझं क्लिनिक शिरूरला, एसटी स्टँडजवळ. आठवड्यातून एकदा दौंडला एका डॉक्टरांकडे बसते. पेशंट बहुतेक कंपन्यांमधले, पत्रा ठोकणाऱ्या प्रेस मशीनवर उमेदीची वर्षं घालवलेले, नाहीतर म्हातारी माणसं. त्यातल्या पुष्कळांची एकच तक्रार असते, कानात आवाज. कुणाला शिट्टी, कुणाला रातकिडे, एका आजींना तर कायम कुकर. याला टिनिटस म्हणतात. बाहेर काहीही वाजत नसतं. कानातल्या नसा दमलेल्या असतात, त्यांच्याकडून येणारा आवाज तुटतो आणि ती रिकामी झालेली जागा मेंदू स्वतःच भरून काढतो. एवढंच.

दिवाळी उलटून गेल्यावर एका सकाळी केंदूरहून भिकाजी आबा आले. सत्तरीच्या पुढचे, पांढरा नेहरू शर्ट, आवाज अजून खणखणीत. "जय भीम मॅडम" म्हणून खुर्चीत ताठ बसले. बरोबर त्यांची पुतणी रेखा. ती कोरेगाव भीमाजवळ एका कंपनीत पॅकिंगला जाते. त्या दिवशी सुट्टी टाकून आली होती.

"काय होतंय आबा?"

"कानात तुणतुणं वाजतंय."

मला हसूच आलं. असं आजवर कुणी सांगितलं नव्हतं. रेखा मात्र हसली नाही.

"तसं न्हाई मॅडम," आबा म्हणाले. "खरंच तुणतुणं हाय. आमच्या सोपानचं."

मग रेखानं सांगितलं. आबा शाहीर. त्यांचा जलसा होता, शिरूर आणि दौंड तालुक्यातली गावंच्या गावं त्यांनी गाण्यानं जागवलेली. आबा पुढं गायचे आणि त्यांचा धाकटा भाऊ सोपान मागं तुणतुणं धरायचा. हा सोपान म्हणजे रेखाचे वडील, ती त्यांना आण्णा म्हणते. दसऱ्याच्या सुमारास भांडगावला धम्मचक्र दिनाचा कार्यक्रम होता. आबांची छाती भरलेली, म्हणून आण्णा एकटेच निघाले. खांद्याला तुणतुण्याची निळी पिशवी, मिळेल त्या गाडीनं जायचं, अशी त्यांची कायमची रीत. शिक्रापूरहून त्यांनी घरी फोन केला, तो शेवटचा. भांडगावला ते पोचलेच नाहीत. पोलिसांत तक्रार दिली, सगळ्या सरकारी दवाखान्यांत चौकशी केली, हायवेच्या ढाब्या-ढाब्यावर फोटो दाखवून झाला. काही नाही.

"आन् मग हे वाजायला लागलं," आबा म्हणाले. "डाव्या कानात. सोपान तार छेडायचा ना, तसंच. अखंड."

"घरात सगळे म्हणतात, आबांनी तेच तुणतुणं लावलंय," रेखा हळूच म्हणाली. "मी म्हटलं, आधी कान तर दाखवू."

मला तर केस सरळ दिसत होती. वय झालेलं, आयुष्य स्टेजवर कर्ण्यांच्या पुढ्यात गेलेलं, त्यात सख्खा भाऊ बेपत्ता. अशा धक्क्यात टिनिटस सुरू होतो, आणि शाहिराच्या मेंदूनं त्याला भावाच्या तुणतुण्याचं रूप दिलं तर त्यात नवल काय?

मी त्यांना साऊंडप्रूफ खोलीत बसवलं, कानाला हेडफोन लावला. टिनिटसमध्ये एक तपासणी करतात. कॉम्प्युटरवरून वेगवेगळे सूर ऐकवायचे आणि पेशंटला विचारायचं, तुमचा आवाज यातल्या कशासारखा आहे? मी अंदाजानं २४० चा सूर लावला, म्हणजे सेकंदाला २४० कंपनं. आबा दचकले.

"मॅडम, ह्यात लाटा येत्यात."

"कसल्या लाटा?"

"तुमचा सूर आन् आमची तार... जुळत न्हाई. मधी वाँव-वाँव करतंय." आणि ते टेबलावर बोटानं ठोका देऊन दाखवायला लागले. एका लयीत.

ज्यांना बारावीला फिजिक्स होतं त्यांना आठवेल, बीट्स. मराठी माध्यमात विस्पंद म्हणायचे. दोन सूर अगदी जवळजवळचे पण तंतोतंत एक नसलेले, असे एकत्र वाजले की आवाज लाटेसारखा लहान-मोठा होतो. सेकंदाला जितक्या लाटा, तितकाच त्या दोन सुरांमधला फरक. तंबोरा जुळवणारा माणूस हेच ऐकत असतो. लाटा संथ होत होत थांबल्या की तार लागली.

पण — हे नीट वाचा, कारण सगळं इथंच अडलंय — टिनिटसला बीट्स येत नाहीत. येऊच शकत नाहीत. बीट्स यायला खरेखुरे दोन आवाज लागतात. टिनिटस हा आवाजच नाही, तो मेंदूचा भास आहे. भासाशी बाहेरच्या सुराची लाट कशी होणार?

मला वाटलं, शाहीर माणूस, लयीची सवय, ठोके मनानंच देत असणार. म्हणून मी स्क्रीन माझ्याकडे वळवली आणि त्यांना न सांगता सूर बदलायला लागले. आधीच्या २४० ला ते सेकंदाला चार ठोके देत होते. म्हणजे त्यांची "तार" २३६ तरी असणार नाहीतर २४४. मी सूर एकानं उतरवला, ठोके तीन झाले. म्हणजे आपण तारेच्या जवळ चाललोय, तार खाली आहे. आणखी एक उतरवला, दोन झाले. मग मी मुद्दाम एकदम वर उडी मारली, तर बोट घाईघाईनं वाजायला लागलं. आवाज पूर्ण बंद केला, तर बोट थांबलं. आणि २३६ लावल्यावर त्यांनी तळवा टेबलावर पालथा ठेवला.

"लागली," म्हणाले. डोळे मिटलेले. डोळ्यांतून पाणी.

मी खोलीबाहेर येऊन पाणी प्यायले. मग जे जे सुचलं ते सगळं केलं. कधी कधी कानाजवळच्या रक्तवाहिनीचा किंवा स्नायूचा खरा आवाज होतो, तो बारीक माइक कानात घालून पकडता येतो. माइक घातला. काही नाही. हेडफोन बदलले, कॉम्प्युटर बदलला. दौंडच्या कान-नाक-घसा सर्जनकडून तपासून घेतलं, स्कॅन झाला. वयाप्रमाणे सगळं ठीक. सर्जन म्हणाले, "तुम्ही जास्त विचार करताय. म्हातारा हुशार आहे, तुमचा चेहरा वाचत असेल." मी म्हटलं, नंतर मी खोलीबाहेर बसूनही तपासलं, आमच्या दोघांमध्ये भिंत होती, तरी ठोके तसेच.

पुढच्या वेळी आबा आले तेव्हा तार उतरली होती. २३१. "रोज उतरतीया," असं ते आल्या आल्याच म्हणाले होते.

त्या दिवशी गर्दी होती. सकाळी एकदा तपासून मी त्यांना बाहेर बसायला सांगितलं, आणि मोकळी झाले तेव्हा दुपार चढली होती. पुन्हा हेडफोन लावला तर २३१ ला लाटा. तार चढून २३४ वर गेली होती. मी गोंधळून तसंच बोलून गेले. "आबा, सकाळी खाली होती, आता वर कशी?"

"दुपारचीच चढती ती," आबा म्हणाले. "दुपार कलली का पुन्हा खाली. रोजचंच हाय."

"पण तार अशी आपोआप कशी वर-खाली होईल?"

"तारंला काय हुतंय? चामडं." त्यांनी हातानं हवेत आकार करून दाखवला. तुणतुणं म्हणजे लाकडी नळकांडं, खालचं तोंड चामड्यानं बंद केलेलं. तार त्या चामड्यातून निघून वर दांडीच्या खुंटीला जाते. "चामड्यानं ओल धरली का सैल पडतंय, तार उतरती. ऊन लागलं का ताणतंय, तार चढती. थंडीत आम्ही कार्यक्रमाच्या आधी शेकून घ्यायचो की."

हे ते सहज बोलले, जुनी सवय सांगावी तसं. पण रेखा उठून उभी राहिली होती.

"मंग ते ओलीत हाय," ती म्हणाली. "आबा, ते ओलीत हाय. आन् ऊन नुसतं दुपारचंच लागतंय."

मग तिनंच पुढचं उच्चारलं, आणि उच्चारताना तिला ते नको होतं हे तिच्या चेहऱ्यावर दिसत होतं.

"विहीर."

*

आता सांगायला सोपं वाटतं, पण तेव्हा मी स्वतःला बजावत होते की हे सगळं खुळ्यासारखं चाललंय. तरी पुढच्या दौंडच्या दिवशी मी त्या दोघांना गाडीत घेतलं. एरवी मी काष्टीवरून जाते, ते जवळ पडतं. त्या दिवशी न्हावऱ्याचा रस्ता धरला, कारण शिक्रापूरहून भांडगावकडे जाणारा माणूस न्हावरा, केडगाव, चौफुला असाच जाणार. मी मनात म्हटलं, एक चक्कर मारू, काही होणार नाही, मग हिला आणि आबांना शांतपणे समजावता येईल.

आबा पुढच्या सीटवर, डाव्या कानात इअरफोन. रेखा मागे, तिच्या हातात माझा मोबाईल. त्यात सूर लावायचं ॲप होतं. तो सूर आबांच्या कानात चालू ठेवला आणि आबा डॅशबोर्डवर ठोके देत राहिले. न्हावरा मागे पडलं, दोन्ही बाजूंना ऊस, कारखान्याच्या ट्रॉल्या. ठोके चालू. भीमेचा पूल ओलांडून आम्ही दौंड तालुक्यात शिरलो, तेव्हा आबा म्हणाले, "रेखा, सूर मोठा कर. तारंखाली दबतुया."

तिनं आवाज वाढवला. थोड्या वेळानं आबा पुन्हा म्हणाले, मोठा कर. मग पुन्हा.

"फुल केलाय आबा."

"मंग थांबवा गाडी," आबा म्हणाले. "आता सूर ऐकूच येत न्हाई. नुसती तारच हाय."

रस्त्याकडेला गाडी घेतली. भर दुपार, स्वच्छ ऊन. डावीकडे कांद्याचं रान, त्यापलीकडे पडीक जमीन, वेड्या बाभळी माजलेल्या. आबा कुणाकडे न बघता बांधावरून चालायला लागले. वयाच्या मानानं भराभर. आम्ही दोघी मागे.

बाभळींच्या आत जुनी दगडी विहीर होती. कठडा एका बाजूनं ढासळलेला, आतून पिंपळ फुटलेला. पाऊस चांगला झाल्यामुळे पाणी बरंच वर होतं, हिरवं. मला आधी जाणवली ती शांतता. मग मी रेखाच्या हातातून मोबाईल घेतला, इअरफोनची वायर उपसून काढली, आणि सूर मोबाईलच्याच स्पीकरवर वाजायला लागला.

त्यात लाटा होत्या.

आबांच्या कानात नाही... बाहेर. माझ्या कानांत. वाँव... वाँव... वाँव. एकच मोबाईल, एकच सपाट सूर, आणि तो छाती वर-खाली व्हावी तसा लहान-मोठा होत होता. मी रेखाकडे पाहिलं. ती तोंडावर हात धरून उभी होती. तिलाही ऐकू येत होतं.

माझं डोकं अजून काम करत होतं याचंच मला आता आश्चर्य वाटतं. मी म्हटलं, विहिरीच्या भिंतींचा प्रतिध्वनी असेल, माझा हात हलत असेल. म्हणून मोबाईल कठड्याच्या दगडावर ठेवला आणि दोन पावलं मागे सरले. एका जागी पडलेल्या आवाजाच्या प्रतिध्वनीनं लाटा येत नाहीत. त्या येतच राहिल्या. मी वाकून बोटानं सूर हळूहळू उतरवत गेले. लाटा संथ झाल्या, लांब झाल्या, आणि एका जागी थांबल्या. जुळलं. आवाज एकदम भरीव झाला, दोन माणसं एका सुरात गावीत तसा.

मग मी काहीही न बदलता लाटा पुन्हा सुरू झाल्या. विहिरीच्या आतल्या भिंतीवर ऊन सरकत होतं. तार चढत होती.

"तिथं," रेखा म्हणाली.

त्या उन्हात, पिंपळाच्या मुळीला, पाण्याच्या बरंच वर एक निळी पिशवी अडकली होती. एका बाजूनं फाटलेली, आतून तुणतुण्याची दांडी बाहेर आलेली.

रेखा विहिरीत वाकून ओरडायला लागली. "आण्णा! ओ आण्णा!" मी तिला कमरेला धरून मागे ओढत होते. तो आवाज ऐकून कांद्याच्या रानातली माणसं धावत आली. विहिरीचे मालक आले, पोलीस पाटील आले, चौकीला फोन गेला.

पोलीस येईपर्यंत कुणी काही हलवलं नाही. नंतर त्यांच्यासमोर गळ टाकून पिशवी वर ओढली. ती कठड्यावरून आत आली, जमिनीला टेकली, आणि आबा होते तिथेच मटकन खाली बसले.

"थांबलं," ते म्हणाले.

मोबाईल अजून दगडावर वाजतच होता. मी ऐकलं. साधा, सपाट सूर. कुठंही लाट नाही.

पिशवीत आण्णांचा मफलर निघाला आणि तुणतुणं. पण त्या तुणतुण्याचं चामडं कुजून गेलेलं होतं, माझी मूठ जाईल एवढं भोक. तार गंजून मधेच तुटलेली, एक टोक खुंटीला लोंबत होतं. ते वाजणं शक्यच नव्हतं. कितीतरी दिवसांपासून शक्य नव्हतं.

विहीर उपसायला घेतली. दोन-दोन मोटारी लावल्या. भाऊबंद केंदूरहून टेम्पो करून आले आणि बाभळीखाली बसून राहिले. रेखा पाण्याकडे बघत उभी. पाणी खाली जाईल तसे लोक बोलायचे कमी होत गेले. शेवटी तळ लागला. गाळ, फुटक्या घागरी, एक मेलेलं जनावर. गाळातही माणसं उतरवली.

सोपान आण्णा नव्हते.

आजूबाजूच्या विहिरी पाहिल्या, कालव्याच्या चाऱ्या पाहिल्या, तोड झालेला ऊस पाहिला. कुठंच काही नाही. पिशवी तिथं कुणी टाकली, की आण्णाच तिथवर गेले, आणि गेले तर पुढं कुठं गेले... आजवर कळलेलं नाही.

यानंतरचं लिहायला मला सगळ्यात जड जातंय. पोलिसांचा प्रश्न साधा होता. एवढ्या मुलखात नेमकी हीच विहीर तुम्हाला कशी सापडली? आबांनी जे होतं ते सांगितलं. मी जबाबात बीट्स, सूर, चामडं सगळं सांगितलं. साहेबांनी मध्येच पेन खाली ठेवलं. "मॅडम, तुम्ही शिकलेल्या आहात," एवढंच म्हणाले. त्यांचंही चुकलं असं मला म्हणता येत नाही. ज्याला पिशवीची जागा माहीत, त्यानंच ती तिथं टाकली असणार, असं कुणीही म्हणेल. आबांना पुन्हा पुन्हा बोलावलं गेलं. दोन भावांत घरावरून काही होतं का, जलशाच्या बिदागीवरून काही होतं का. शेवटी काही निघालं नाही म्हणून सोडून दिलं. पण गावानं सोडलं नाही. ज्या माणसाच्या गाण्याला लोक पहाटेपर्यंत बसायचे, त्याच्याशी पारावर कुणी बोलेना. रेखाच्या कंपनीतल्या बायका तिला विचारायच्या, "तुझ्या चुलत्यानंच केलं म्हणं?"

मी नंतर एकटी त्या विहिरीवर जाऊन आले. तोच मोबाईल, तोच सूर, तीच वेळ. काही नाही. माझे कान तपासून घेतले, उत्तम आहेत. सर्जन म्हणतात, तिघांनी मिळून एकच भास ऐकला असेल, असं होतं. होत असेल. पण भासाला पिशवीची जागा कशी कळली? आणि फुटक्या चामड्याचं तुणतुणं उन्हानं चढत-उतरत कसं होतं? ज्यांना उत्तर माहीत असेल त्यांनी खाली जरूर लिहा. "पितृदोष", "अमक्या महाराजांकडे जा" असलं कृपा करून लिहू नका.

उन्हाळ्याच्या तोंडावर रेखा आबांना घेऊन पुन्हा आली. आबा खूप वाळले होते. मी नेहमीसारखी तपासणी केली. कान शांत. आवाज पूर्ण बंद झालेला. माझे बाकीचे पेशंट यासाठी नवस बोलतात.

आबा बाहेर पाणी प्यायला गेले तेव्हा रेखा म्हणाली, "मॅडम, राग मानू नका. पण ते आपण वर काढायला नको होतं."

"का गं?"

"वाजत होतं तवर काहीतरी होतं ना. आज उतरली, आज चढली... आण्णांची काहीतरी खबर होती. आता काहीच नाही." मग खाली बघत म्हणाली, "मीच म्हटलं होतं विहीर."

तेवढ्यात आबा आत आले, खुर्चीत बसले, आणि उजवा कान माझ्याकडे करून, आजूबाजूला कुणी ऐकत नाही ना याची खात्री करून घेतल्यासारखं, हळू आवाजात त्यांनी विचारलं,

"मॅडम, तुमच्याकडं काही औषध, एखादं मशीन हाय का?"

"कशावर आबा? आवाज तर बंद झालाय."

"व्हय," आबा म्हणाले. "तोच पुन्हा चालू कराया."